लिनक्स आणि जुन्या ग्राफिक्स चिपचे ड्रायव्हर

लिनक्स किंवा तत्सम मुक्त स्रोत कार्यप्रणाली जुन्या संगणकावर चालवताना त्यातील ग्राफिक्स चिपसाठी योग्य ड्रायव्हर न मिळणे, मिळालेल्या ड्रायव्हरला चिपची पूर्ण क्षमता वापरता न येणे, किंवा पूर्वी चालणारा ड्रायव्हर कार्यप्रणालीच्या नव्या आवृत्तीत बंद पडणे, या अडचणींचा विचार ग्राफिक्स ड्रायव्हरच्या पाठबळाच्या मर्यादा या नावाने केला जातो. अशा वेळी संगणकाचे यंत्रांग सुस्थितीत असते. परंतु त्याच्याशी संवाद साधणारी आज्ञावली कालबाह्य झालेली असते. त्यामुळे पडदा कोरा राहणे, चित्रफिती अडखळणे, अक्षरे व चित्रे प्रमाणाबाहेर मोठी दिसणे असे दोष उद्भवतात.

एखाद्या चिपला किती काळ पाठबळ मिळेल हे केवळ तिच्या वयावर ठरत नाही. चिपची तांत्रिक माहिती खुली आहे काय, तिचा ड्रायव्हर लिनक्सच्या कर्नेलमध्ये समाविष्ट आहे काय, आणि तो सांभाळणारे कोणी शिल्लक आहे काय, या तीन गोष्टी वयाइतक्याच, किंबहुना त्याहून अधिक, निर्णायक ठरतात.

ड्रायव्हरचे कार्य आणि रचना

ड्रायव्हर म्हणजे कार्यप्रणाली आणि यंत्रांग यांच्यामधील दुभाषा. कार्यप्रणालीची आज्ञा चिपला समजेल अशा संकेतांत रूपांतरित करणे हे त्याचे काम असते. लिनक्समध्ये ग्राफिक्सचा ड्रायव्हर एकसंध नसून त्याचे प्रामुख्याने दोन भाग असतात.

पहिला भाग कर्नेलमध्ये असतो. पडद्याचे रेझोल्यूशन ठरवणे, ग्राफिक्स चिपच्या स्मृतीचे वाटप करणे, विजेचा वापर नियंत्रित करणे ही कामे तो करतो. पूर्वी रेझोल्यूशन ठरवण्याचे काम एक्स सर्व्हर ही स्वतंत्र आज्ञावली करीत असे. २००९ पासून ते टप्प्याटप्प्याने कर्नेलकडे आले.

दुसरा भाग कर्नेलच्या बाहेर असतो. त्रिमितीय चित्रे रेखाटण्यासाठी ओपनजीएल व व्हल्कन या प्रमाणित पद्धती वापरल्या जातात. उपयोजनाने या पद्धतीत दिलेली आज्ञा विशिष्ट चिपच्या भाषेत उतरवण्याचे काम मेसा हा ग्रंथालयसंच करतो. मेसाचा आरंभ ब्रायन पॉल यांनी १९९३ मध्ये केला. मुक्त स्रोत ड्रायव्हर वापरणाऱ्या बहुतेक सर्व लिनक्स संगणकांवर आज हाच संच कार्यरत असतो.

या दोहोंखेरीज अनेक चिपना फर्मवेअर लागते. संगणक सुरू होताना ही छोटी आज्ञावली चिपमध्ये भरली जाते. ड्रायव्हर खुला असूनही फर्मवेअर बंदिस्त असल्यास ड्रायव्हरचे हात बांधलेले राहतात.

मर्यादांची कारणे

कर्नेलमधील अंतर्गत बदल

लिनक्स कर्नेलची नवी आवृत्ती साधारणतः नऊ ते दहा आठवड्यांनी प्रसिद्ध होते. उपयोजनांशी असलेला कर्नेलचा व्यवहार शक्यतो बदलू नये असा दंडक आहे; मात्र कर्नेलच्या अंतर्गत भागांना तो लागू नाही. ते गरजेनुसार केव्हाही बदलले जातात. जो ड्रायव्हर कर्नेलच्या मूळ आज्ञावलीतच समाविष्ट आहे, त्यातील अनुरूप दुरुस्ती बदल करणाऱ्यालाच करावी लागते. कर्नेलच्या बाहेर राहिलेल्या ड्रायव्हरला हे संरक्षण नसते. त्याच्या निर्मात्या कंपनीने सुधारित प्रत काढणे थांबवले, की काही काळाने तो नव्या कर्नेलवर उभाच राहत नाही.

माहितीची अनुपलब्धता

ग्राफिक्स चिपच्या अंतर्गत रचनेची माहितीपत्रके अनेक कंपन्या गोपनीय ठेवतात. अशा वेळी स्वयंसेवक मूळ ड्रायव्हर चालू असताना तो चिपला कोणते संकेत पाठवतो याचे निरीक्षण करून रचनेचा माग काढतात. या मार्गाने पडदा उजळणे तुलनेने लवकर साधते. वीजनियंत्रण व चिपचा वेग यांसारख्या नाजूक बाबी मात्र दीर्घकाळ अपूर्ण राहतात.

सांभाळणाऱ्यांचा अभाव

आज्ञावली खुली असली तरी तिची निगा राखणारी माणसे लागतात. बदल केल्यानंतर तो प्रत्यक्ष चिपवर तपासावा लागतो आणि वीस वर्षांपूर्वीची चालू स्थितीतील चिप जवळ असलेले विकासक थोडे असतात. न तपासलेला जुना ड्रायव्हर संचात ठेवल्यास नव्या सुधारणांना अडथळा होतो, या कारणास्तव असे ड्रायव्हर वेळोवेळी वगळले गेले आहेत. २०१२ मधील मेसा ८.० या आवृत्तीतून थ्रीडीएफएक्स, मॅट्रॉक्स, सॅव्हेज, एसआयएस, एटीआय रेज १२८ आदी चिपचे ड्रायव्हर काढण्यात आले. त्यांचे कर्नेलमधील भाग एप्रिल २०२३ मधील लिनक्स ६.३ पर्यंत टिकून होते. २०२२ मधील मेसा २२.० मधून जुन्या रचनेवर आधारलेले उर्वरित ड्रायव्हर वगळले गेले. त्यांत पहिल्या दोन पिढ्यांच्या रेडिऑनचे तसेच एनव्हिडियाच्या अतिजुन्या चिपचे ड्रायव्हर होते. हे ड्रायव्हर पूर्णतः नष्ट न करता ‘अंबर’ नावाच्या वेगळ्या शाखेत ठेवले आहेत.

उपयोजनांच्या वाढत्या अपेक्षा

काही वेळा ड्रायव्हर निर्दोष असतो, परंतु चिपच नव्या उपयोजनाची अपेक्षा पुरी करू शकत नाही. ब्लेंडर या त्रिमितीय रेखाटनाच्या आज्ञावलीला जुलै २०१९ मधील २.८० या आवृत्तीपासून ओपनजीएल ३.३ आवश्यक झाले. त्यापूर्वीच्या २.७९ या आवृत्तीस ओपनजीएल २.१ पुरत असे. ग्नोम या डेस्कटॉपने २०११ मधील तिसऱ्या आवृत्तीपासून त्रिमितीय प्रवेग गृहीत धरला आणि त्याविना चालणारी पर्यायी मांडणी मार्च २०१३ मधील ३.८ या आवृत्तीत काढून टाकली. ही मर्यादा ड्रायव्हर सुधारून दूर होत नाही.

उत्पादकनिहाय स्थिती

इंटेल

इंटेलच्या संगणकांत ग्राफिक्स चिप बहुधा मुख्य संचातच अंतर्भूत असते. तिचे लिनक्स ड्रायव्हर कंपनीने स्वतः खुल्या स्वरूपात विकसित केल्यामुळे जुन्या इंटेल संगणकांवर लिनक्स सहसा विनासायास चालते. २००५ च्या सुमारास आलेल्या जीएमए ९५० या चिपचा पडदा आजच्या कर्नेलवरही उजळतो; वेग मात्र त्या काळचाच राहतो. २००६ नंतरच्या काही पिढ्यांसाठी मेसामध्ये ‘क्रोकस’ हा नवा ड्रायव्हर २०२१ मध्ये दाखल झाला.

या नियमाला ठळक अपवाद आहे तो जीएमए ५०० या चिपचा. २००८ मध्ये ॲटम प्रोसेसरच्या काही छोट्या लॅपटॉपमध्ये ती वापरली गेली. नाव इंटेलचे असले तरी तिचा त्रिमितीय गाभा इमॅजिनेशन टेक्नॉलॉजीज या कंपनीच्या पॉवरव्हीआर रचनेचा होता आणि त्याची माहिती खुली नव्हती. सुरुवातीस दिलेला बंदिस्त ड्रायव्हर नव्या कर्नेलशी जुळेनासा झाला. पुढे ॲलन कॉक्स यांनी लिहिलेला खुला ड्रायव्हर २०१२ मधील लिनक्स ३.३ मध्ये कर्नेलचा नियमित घटक बनला. परंतु तो पडदा योग्य रेझोल्यूशनमध्ये दाखवण्यापुरताच आहे, त्रिमितीय प्रवेग त्यात नाही. परिणामी २००८ ची ही चिप २००५ च्या जीएमए ९५० पेक्षा लिनक्सवर अधिक अडचणीची ठरते. वयापेक्षा माहितीचा खुलेपणा महत्त्वाचा कसा, याचे हे बोलके उदाहरण मानता येईल.

एएमडी

रेडिऑन चिप बनवणारी एटीआय ही कंपनी २००६ मध्ये एएमडीने विकत घेतली. सप्टेंबर २००७ मध्ये एएमडीने चिपची तांत्रिक माहिती खुली करण्याचे आणि मुक्त स्रोत ड्रायव्हरला साहाय्य करण्याचे धोरण जाहीर केले. त्याचा लाभ जुन्या चिपना विशेषत्वाने झाला. कंपनीच्या बंदिस्त ‘कॅटॅलिस्ट’ ड्रायव्हरने २००९ मध्ये आर३०० ते आर५०० या पिढ्यांचे आणि २०१२ मध्ये एचडी २००० ते एचडी ४००० या मालिकांचे नियमित पाठबळ थांबवले. तोवर खुला ‘रेडिऑन’ ड्रायव्हर उपलब्ध असल्याने वापरकर्ते निराधार झाले नाहीत. २००२ मधील रेडिऑन ९७०० पासूनच्या पिढीसाठीचा आर३०० ड्रायव्हर मेसाच्या मुख्य संचात, जुने ड्रायव्हर वगळले गेल्यानंतरही, टिकून राहिला.

२०१५ मधील लिनक्स ४.२ पासून नव्या चिपसाठी ‘एएमडीजीपीयू’ हा वेगळा ड्रायव्हर आला. जीसीएन रचनेच्या पहिल्या दोन पिढ्या या दोन ड्रायव्हरांच्या सीमारेषेवर पडतात. त्यांसाठी कोणता ड्रायव्हर वापरला जातो यावर व्हल्कनची उपलब्धता अवलंबून असते. कारण मेसामधील व्हल्कनचा ड्रायव्हर एएमडीजीपीयूवर आधारलेला आहे.

एनव्हिडिया

एनव्हिडियाचा अधिकृत लिनक्स ड्रायव्हर दीर्घकाळ बंदिस्त राहिला. जुन्या चिप मुख्य ड्रायव्हरमधून वगळल्यावर कंपनी त्यांच्यासाठी एक वेगळी शाखा काही वर्षे चालू ठेवते आणि नंतर तीही थांबवते. प्रमुख शाखा पुढीलप्रमाणे आहेत :

• ७१.८६ : रिव्हा टीएनटी, जिफोर्स २५६ व समकालीन चिप
• ९६.४३ : जिफोर्स २ एमएक्स ते जिफोर्स ४
• १७३.१४ : जिफोर्स एफएक्स
• ३०४ : जिफोर्स ६ व ७, पाठबळ २०१७ अखेर समाप्त
• ३४० : जिफोर्स ८, ९ व २०० मालिका, पाठबळ २०१९ अखेर समाप्त
• ३९० : जिफोर्स ४०० व ५०० मालिकांतील फर्मी रचना, पाठबळ २०२२ अखेर समाप्त
• ४७० : जिफोर्स ६०० व ७०० मालिकांतील केप्लर रचना, पाठबळ २०२४ मध्ये समाप्त
• ५८० : मॅक्सवेल, पास्कल व व्होल्टा या रचनांसाठीची अखेरची शाखा

बंद झालेल्या शाखा नव्या कर्नेलशी जुळवून घेण्यासाठी काही स्वयंसेवक ड्रायव्हरच्या खुल्या भागात ठिगळे जोडतात. परंतु बंदिस्त गाभ्यात सापडलेला सुरक्षादोष त्यांना दुरुस्त करता येत नाही.

‘नूवो’ हा एनव्हिडियाच्या चिपसाठीचा मुक्त स्रोत ड्रायव्हर आहे. नूवो या फ्रेंच शब्दाचा अर्थ ‘नवीन’ असा होतो. माग काढण्याच्या पद्धतीने विकसित झालेला हा ड्रायव्हर फेब्रुवारी २०१० मधील लिनक्स २.६.३३ मध्ये समाविष्ट झाला. त्याची मोठी मर्यादा चिपच्या वेगाशी संबंधित आहे. वीज वाचवण्यासाठी चिप संथ गतीने सुरू होते आणि काम वाढल्यावर तिला वेग देण्याचे काम ड्रायव्हरने करावयाचे असते. फर्मी पिढीत ही सोय नूवोला नीटशी साधलेली नाही. केप्लरमध्ये ती वापरकर्त्याने हाताने करावी लागते. २०१४ मधील जिफोर्स ९०० मालिकेपासून चिप कंपनीची डिजिटल स्वाक्षरी असलेलेच फर्मवेअर स्वीकारते. वेगनियंत्रणासाठीचे असे फर्मवेअर खुल्या ड्रायव्हरला उपलब्ध न झाल्याने मॅक्सवेलची दुसरी पिढी आणि पास्कल यांच्या चिप नूवोवर आरंभीच्या संथ गतीतच अडकून पडतात.

मे २०२२ मध्ये एनव्हिडियाने आपल्या ड्रायव्हरचा कर्नेलमधील भाग खुला केला. तथापि तो २०१८ मधील ट्युरिंग व त्यापुढील रचनांनाच लागू आहे. त्यामुळे जुन्या चिपच्या स्थितीत या निर्णयाने फरक पडला नाही.

इतर

व्हीआयए, एसआयएस, एस३ या कंपन्यांच्या चिप २००० च्या दशकातील स्वस्त संगणकांत आढळतात. या कंपन्या ग्राफिक्स क्षेत्रातून मागे सरल्या किंवा त्यांनी माहिती पुरवली नाही. त्यांच्या अनेक चिप आज केवळ सर्वसाधारण ड्रायव्हरवर, प्रवेगाविना चालतात.

फ्रीबीएसडी आणि ओपनबीएसडी या कार्यप्रणाली इंटेल व एएमडीसाठी लिनक्समधीलच ड्रायव्हर रूपांतरित करून वापरतात. फ्रीबीएसडीसाठी एनव्हिडिया स्वतःचा बंदिस्त ड्रायव्हर देते. ओपनबीएसडीवर मात्र एनव्हिडियाच्या चिपना प्रवेग मिळत नाही.

वापरावरील परिणाम

विशिष्ट ड्रायव्हर न मिळाल्यास लिनक्स सर्वसाधारण ड्रायव्हरचा आधार घेते. संगणक सुरू होताना ठरलेल्या रेझोल्यूशनमध्येच पडदा राहतो, प्रकाशमान कमीअधिक करता येत नाही आणि लॅपटॉप झाकण मिटल्यावर निद्रावस्थेत जाऊन पुन्हा नीट जागा होईल याची शाश्वती नसते. त्रिमितीय रेखाटनाचे काम ‘एलएलव्हीएमपाइप’ या घटकामार्फत मुख्य प्रोसेसरवर पडते. नव्या, अनेक गाभ्यांच्या प्रोसेसरला हा भार पेलतो. जुना दोन गाभ्यांचा प्रोसेसर मात्र खिडक्या सरकवतानाही थकतो आणि तापतो.

चित्रफिती पाहताना वेगळी अडचण येते. आंतरजालावरील चित्रफिती आता व्हीपी९, एव्ही१ यांसारख्या नव्या संक्षेपन पद्धतींत असतात. त्या उलगडण्याची सोय २०१० च्या आसपासच्या चिपमध्ये मुळातच नाही. ड्रायव्हर उत्तम असला तरी हे काम प्रोसेसरलाच करावे लागते. म्हणून अशा संगणकावर कमी रेझोल्यूशनची चित्रफीत सुरळीत चालते, तर उच्च रेझोल्यूशनची अडखळते.

पडद्यावरील खिडक्यांची व्यवस्था पाहणाऱ्या एक्स प्रणालीची जागा आता वेलँड घेत आहे. ऑक्टोबर २०२५ मधील उबंटू २५.१० मध्ये ग्नोमचे एक्सवर आधारित सत्र वगळण्यात आले. एनव्हिडियाच्या बंदिस्त ड्रायव्हरने वेलँडच्या बहुतेक मांडण्यांना आवश्यक असलेली जीबीएम ही सोय २०२१ मधील ४९५ या आवृत्तीपासून दिली. त्यापूर्वीच्या सर्व शाखांवर अवलंबून असलेल्या चिपसाठी हे स्थित्यंतर विशेष अडचणीचे आहे.

मजकुराच्या वाचन-लेखनावर मात्र या मर्यादांचा फारसा परिणाम होत नाही. देवनागरीतील जोडाक्षरे, मात्रा व वेलांट्या यांची जुळणी हार्फबझ हा घटक मुख्य प्रोसेसरवर करतो. त्यामुळे प्रवेग नसलेल्या संगणकावरही मराठी मजकूर शुद्ध दिसतो आणि टंकलेखन, ईमेल, हिशेब यांसारखी कामे करता येतात.

निदान

बिघाड ड्रायव्हरचा की यंत्रांगाचा, हे आधी निश्चित करणे इष्ट असते. पेनड्राइव्हवरून लिनक्सचे तात्पुरते सत्र चालवून पाहिल्यास मूळ कार्यप्रणालीला धक्का न लागता हे समजते. ‘एलएसपीसीआय’ ही आज्ञा चिपचे नेमके नाव आणि कर्नेलने तिला दिलेला ड्रायव्हर दाखवते. ‘जीएलएक्सइन्फो’ ही आज्ञा ओपनजीएलचे काम कोण करीत आहे हे सांगते. तेथे एलएलव्हीएमपाइपचे नाव आढळल्यास ग्राफिक्स चिप वापरली जात नाही असे समजावे. पडदा कोराच राहत असेल, तर सुरुवातीच्या सूचनांत ‘नोमोडसेट’ हा शब्द जोडून सर्वसाधारण ड्रायव्हरवर संगणक सुरू करता येतो. हा निदानापुरता उपाय आहे. तो कायम ठेवल्यास विशिष्ट ड्रायव्हर कधीच कार्यान्वित होत नाही.

पर्याय

हलका डेस्कटॉप : एक्सएफसीई, एलएक्सक्यूटी यांसारखे डेस्कटॉप त्रिमितीय प्रवेगाविना चालतात. जुन्या चिपसाठी हा सर्वांत सोपा व निर्धोक पर्याय होय.

दीर्घकालीन आवृत्ती : पूर्वीचे कर्नेल आणि पूर्वीचा ड्रायव्हर असलेली दीर्घ पाठबळाची आवृत्ती वापरता येते. सुरक्षादुरुस्त्या थांबल्यानंतर मात्र असा संगणक आंतरजालाशी जोडणे धोक्याचे ठरते.

बंदिस्त ड्रायव्हरचा त्याग : एनव्हिडियाच्या बंद झालेल्या शाखेऐवजी नूवो वापरल्यास वेग घटतो, परंतु कर्नेल अद्ययावत ठेवता येते. कार्यालयीन कामासाठी तेवढा वेग अनेकदा पुरतो.

दुसऱ्या चिपचा वापर : २०१० नंतरच्या अनेक लॅपटॉपमध्ये इंटेल व एनव्हिडिया अशा दोन चिप असतात. त्यांतील एनव्हिडियाची चिप निष्क्रिय ठेवून इंटेलवर काम भागवता येते. त्यामुळे बॅटरीही अधिक काळ टिकते.

कार्ड बदलणे : मेजावरील संगणकात खुले पाठबळ असलेले जुने रेडिऑन कार्ड बसवता येते. त्यापूर्वी संगणकातील खाच एजीपी आहे की पीसीआय एक्सप्रेस, तसेच वीजपुरवठा पुरेसा आहे काय, हे तपासावे लागते. लॅपटॉपमध्ये हा पर्याय बहुधा उपलब्ध नसतो.

मतमतांतरे

बंदिस्त ड्रायव्हरच्या समर्थनार्थ अन्य कंपन्यांकडून परवान्याने घेतलेले तंत्रज्ञान, व्यावसायिक स्पर्धा आणि जुन्या चिप तपासण्याचा खर्च ही कारणे दिली जातात. उलटपक्षी, वस्तू विकत घेतलेल्या ग्राहकाला ती वापरत राहण्याचा हक्क असावा आणि पाठबळ थांबवताना कंपनीने निदान माहिती तरी खुली करावी, असे मुक्त स्रोत चळवळीतील अनेकांचे म्हणणे आहे. लिनक्सचे जनक लिनस टॉरवाल्ड्स यांनी २०१२ मध्ये फिनलंडमधील आल्टो विद्यापीठातील कार्यक्रमात एनव्हिडियाच्या असहकारावर अतिशय कठोर शब्दांत जाहीर टीका केली होती.

मुक्त स्रोत समुदायातही एकमत नाही. जुने ड्रायव्हर काढून टाकल्याने उर्वरित आज्ञावली सुटसुटीत होते, असा विकासकांचा युक्तिवाद असतो. तर ‘लिनक्स जुन्या संगणकाला नवे आयुष्य देते’ या प्रसिद्धीशी ते विसंगत असल्याची तक्रार वापरकर्ते करतात. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी विंडोज १० चे सर्वसाधारण पाठबळ संपल्यानंतर या प्रश्नाला नवी निकड आली. विंडोज ११ च्या अटींत न बसणारे संगणक लिनक्सवर चालवता येतील काय, याचे उत्तर बऱ्याच अंशी त्यांच्यातील ग्राफिक्स चिपवर अवलंबून आहे. ते नकारार्थी असल्यास चालू स्थितीतील यंत्रे ई-कचऱ्यात जातात. शाळा, ग्रंथालये व मर्यादित उत्पन्नाची कुटुंबे जुने संगणक अधिक काळ वापरतात, त्यामुळे या मर्यादांची झळ त्यांना प्रथम पोहोचते.

हेही पहा

• लिनक्स
• मेसा
• ओपनजीएल
• मुक्त स्रोत
• ई-कचरा